रजिस्टरमधला ताप

मीरा, परवा व्हिडिओ कॉलवर तू तुझ्या शाळेच्या बास्केटबॉल टीमचा फोटो दाखवलास आणि ईशानला म्हणालीस, "आजी कोच होती, माहितेय?" मी तेव्हाच दुरुस्त करायला हवं होतं, पण आवाज तुटला आणि ते राहून गेलं. मी कोच नव्हते. मी मॅनेजर होते. कोच खेळ शिकवतो, मॅनेजर कागद सांभाळते. मी बारामतीच्या एका कॉलेजात एकतीस वर्षं इंग्रजी शिकवलं आणि त्यातली एकोणीस वर्षं मुलींच्या बास्केटबॉल संघाचे कागद सांभाळले. तुम्हाला मराठी वाचायला वेळ लागतो हे मला ठाऊक आहे. सावकाश वाचा.

मॅनेजर कशी झाले, तेही सांगते. मुलींच्या संघाबरोबर एक शिक्षिका असलीच पाहिजे, असा विद्यापीठाचा नियम होता. प्राचार्यांनी मला बोलावलं.

"तुम्ही पुण्याच्या कॉन्व्हेंटमधल्या ना?"

"हो, सर."

"तिथं बास्केटबॉल असतो."

"असतो, पण मी तेव्हा लायब्ररीत असायचे."

"खिडकीतून पाहिला असेल की. झालं तर मग."

असं माझं प्रशिक्षण. नियमांचं पुस्तक इंग्रजीत होतं. ते मी रविवारी घरी बसून वाचून काढलं आणि समासात पेन्सिलीनं खुणा केल्या. आमचे क्रीडाशिक्षक खरात सर खेळ उत्तम जाणायचे, पण कागदाचं नाव काढलं की त्यांना शिंका येत. त्यामुळे आमचं जमलं. मैदान त्यांचं, टेबल माझं.

माझं काम असं असे. प्रत्येक मुलीचा पात्रता फॉर्म, बारावीची गुणपत्रिका, पालकांचं संमतिपत्र, रक्तगट. सामन्याच्या आधी अंगावरचे दागिने उतरवून घेणं, कारण खेळताना दागिना चालत नाही. त्यासाठी माझ्याकडे बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा होता. कानातलं, पैंजण, ताईत, सगळं नाव लिहिलेल्या पाकिटात घालून त्यात ठेवायचं. नाकातली चमकी निघत नसेल तर तिच्यावर चिकटपट्टी. एकदा फलटणकडच्या एका संघात लग्न झालेली मुलगी होती. ती मंगळसूत्र काढेना. पंच म्हणाले, काढल्याशिवाय खेळता येणार नाही. तिच्याबरोबरची बाई आणि मी अर्धा तास समजूत घालत होतो. शेवटी ती म्हणाली, "तुमच्या गळ्यात घाला, मॅडम. डब्यात नको." मी सामनाभर दोन मंगळसूत्रं घालून बसले होते. त्या सामन्यात तिनं आम्हाला हरवलं.

पालकांची समजूत घालणं हेही माझंच काम. एका मुलीची आजी खास हाफ पँट बघायला आली होती. तिनं ती हातात घेऊन उलटीसुलटी केली.

"बाई, ही चड्डी हाय का कापड संपलं म्हून हितंच थांबवलं?"

"आजी, पळताना पायात अडकू नये म्हणून अशी असते."

"तुमी घालता का?"

"मी खेळत नाही."

"मंग तुमाला काय कळायचं, वारं कुठनं लागतं ते!"

शेवटी आतून काळी लांब विजार घालायची, असं ठरलं. पुढे सगळ्याच मुली तशी घालू लागल्या. दुसऱ्या कॉलेजातल्या मुली आमच्या संघाला हसायच्या. सामना संपल्यावर त्या कमी हसायच्या.

आणि माझं एक रजिस्टर होतं. ते कुणी मागितलं नव्हतं, मीच सुरू केलं होतं. सरावाला कोण आलं, कोण नाही आलं, का नाही आलं. शेवटचा रकाना 'कारण'. एकादशीचा उपास, ऊस तोडायला मजूर आले, बहिणीचं डोहाळजेवण, एसटी चुकली, जे असेल ते मी लिहायची. महिनाअखेर ऑफिसात त्यावर सही व्हायची. मुलगी पुढच्या स्पर्धेला गेली की तिचे फॉर्म या रजिस्टरवरून टाइप होत. मी कधी त्यात खाडाखोड केली नाही, खोटं लिहिलं नाही. एकदा सोडून.

आता सारिकाचं सांगते.

सारिका निरवांगीची. तिचे वडील, आबा, नदीकाठच्या जमिनीत भाजीपाला आणि डाळिंब करायचे. निरवांगीहून रोज बारामतीला येणं लांब पडतं, म्हणून ती भवानीनगरला मामाकडे राहायची. मामा साखर कारखान्यात फिटर होता. तिथून एसटीनं ती कॉलेजला यायची. उंची पाच फूट नऊ इंच. वर्गातल्या मुली तिला विचारायच्या, "सारके, वर हवा कशी हाय?" ती म्हणायची, "गार हाय. तुमच्यापतुर यायला वेळ लागंल."

ती आली तेव्हा खो-खो खेळायची. खरात सरांनी तिला पळताना पाहिलं आणि दुसऱ्या दिवशी बास्केटबॉलच्या मैदानावर आणून उभी केली. तिला फॉरवर्ड केलं. मीरा, तुला माहीत आहे, ईशानसाठी सांगते. पाच खेळाडूंपैकी दोघी फॉरवर्ड असतात. बास्केटच्या जवळ घुसून गुण मिळवणं आणि फळीवर आपटून परत आलेला चेंडू उडी मारून हिसकावणं हे त्यांचं काम. चेंडू हातात धरून पळता येत नाही. एक पाय जमिनीला रोवायचा आणि त्याच पायावर अंग फिरवायचं. खो-खोत थांबलात की संपलात. इथे थांबण्यातच सगळं कौशल्य. सारिकाला ते शिकायला एक पावसाळा लागला. मग मात्र ती डाव्या पायावर अशी फिरायची, की समोरची मुलगी तिच्या पाठीकडेच बघत राही आणि चेंडू जाळीतून खाली येत असे.

पहिल्या वर्षी आम्ही जिल्ह्यातल्या कॉलेजांत तिसरे आलो, दुसऱ्या वर्षी पहिले. तिला पोलिसात जायचं होतं. विद्यापीठाच्या संघातून खेळल्याचं प्रमाणपत्र असेल तर भरतीत खेळाडूंसाठी ठेवलेल्या जागेवर अर्ज करता येतो, हे खरात सरांनी तिला सांगितलं होतं. त्यासाठी बाराजणींच्या संघात नाव यायला हवं. मैदानावर उतरा, नाहीतर बाकावर बसा, नाव त्या बारात हवं. तिसऱ्या वर्षी तिच्यासमोर तेवढी एकच गोष्ट होती. घरी लग्नाचं बोलणंही सुरू झालं होतं. इंदापूरकडच्या एका गावातलं स्थळ होतं आणि मुलाकडचे दिवाळीनंतर बघायला येणार होते. नोकरी करू देतील, असं ते म्हणाले होते. त्यामुळे आबा खूश होते. सारिकाही नाराज नव्हती.

गणपतीनंतरच्या एका दुपारी सराव चालू होता. आमचं मैदान सिमेंटचं. सारिका चेंडूसाठी उडाली आणि खाली येताना डावा पाय वेडावाकडा पडला. मी टेबलाशी होते, तरी मला आवाज ऐकू आला. टक्. वाळकी काडी मोडावी तसा. ती बसून राहिली.

"काय झालं गं?"

"काय न्हाय, मॅडम. बूट सरकला."

तासाभरात गुडघा नारळाएवढा झाला. मामा मोटरसायकलवर येऊन तिला घेऊन गेला.

दुसऱ्या दिवशी मी भवानीनगरला गेले. कारखान्याच्या क्वार्टर्समधली दोन खोल्यांची जागा. सारिका कॉटवर पाय लांब करून बसली होती. निरवांगीहून तिची आई आली होती. मी म्हटलं, एक्स-रे काढायला हवा, बारामतीत माझ्या ओळखीचे डॉक्टर आहेत.

"वळखीचं हायत म्हून तर नगं, बाई," आई म्हणाली. "फोटू काढला की कागुद व्हतो. कागुद झाला की त्यो कुनाच्या ना कुनाच्या हातात पडतो. दवाखान्यात जावा तितं कुनाचं तरी पाव्हणं बसल्यालं असत्यात."

"अहो, पण पाय महत्त्वाचा की पाहुणे?"

"ऐका तर. माझ्या धाकट्या भनीचा हात भाजला व्हता, कोपरापतुर. चार दिस दवाखान्यात ठिवली. तितला कंपाउंडर नवऱ्या मुलाचा मावसभाऊ निघाला. ठरल्यालं लगीन मोडलं. ती आज बी माझ्या थोरल्या भावाच्या घरी भाकरी थापती. त्याच हातानं."

मामा दाराशी उभा होता. तो म्हणाला, "आक्का, बेअरिंग वाजाय लागलं तर आमी मशीन बंद करतो. ही तर पोरगी हाय."

"तू गप. तुझ्या मशिनीला कुनी बघाय येत न्हाय."

मी सारिकाकडे पाहिलं. तिनं बोलावं, असं मला वाटत होतं. ती म्हणाली, "मॅडम, कागद झाला तर सर मला खेळवनार न्हाईत. सूज उतरू द्या. मी खेळते." आईची भीती एक होती आणि मुलीची दुसरी, पण दोघींना हवं होतं ते एकच.

तडजोड म्हणून तिला पणदऱ्याजवळच्या एका हाडवैद्याकडे नेलं. तिथे कागद होत नाही. मीही बरोबर गेले. म्हातारा गृहस्थ. त्यानं तेल न लावता नुसता हात फिरवला, मांडी एका हातानं धरली आणि दुसऱ्या हातानं नडगी हलकेच पुढे ओढून पाहिली. मग हात पुसले.

"हाड जागंवर हाय. पर आतली दोरी तुटलीया. ती माझ्या हातानं बसत न्हाय. फोटू काढा, मोठ्या डाक्टरला दावा."

"चोळून बगा की, तात्या," आई म्हणाली.

"चोळून काय व्हतंय? म्या न्हाय म्हनलं की न्हाय."

त्याच्याइतकं खरं त्या प्रकरणात कुणीच बोललं नाही. पण त्याच्या बोलण्यातलं पहिलं वाक्य तेवढं आईनं घरी नेलं. हाड जागंवर हाय. खोटं कशाला सांगू, मीही तेच नेलं.

महिना संपत आला. रजिस्टर भरायचं होतं. सारिकाच्या नावापुढे अठरा दिवसांची गैरहजेरी होती आणि 'कारण' रिकामं होतं. हे रजिस्टर ऑफिसात जायचं हेडक्लार्ककडे. त्यांना सगळे भाऊसाहेब म्हणत. भले गृहस्थ, पण त्यांच्या कानावर गेलेली गोष्ट दुपारच्या एसटीनं इंदापूरला पोचायची. आणि त्यांची सासुरवाडी म्हणजे सारिकाला बघायला येणार होते त्या लोकांचं गाव. मी स्टाफरूममध्ये पेन उघडून बराच वेळ बसले. मग लिहिलं, 'ताप'. माझं अक्षर त्या दिवशीही चांगलंच आलं होतं.

जिचं जुळत आलेलं लग्न मोडलं असतं, तिला वाचवलं, असं मला वाटलं. त्या रात्री मी अगदी शांत झोपले.

तीन आठवड्यांत सूज उतरली. सारिका सरावाला आली, सरळ धावली, उड्या मारल्या. मला वाटलं, बरं झालं. आतली दोरी तुटली तरी माणूस सरळ चालू शकतं, सरळ पळूही शकतं. गुडघा दगा देतो तो वळताना. हे मला फार उशिरा कळलं. तिला मात्र पहिल्याच दिवशी कळलं असणार, कारण ती डाव्या पायावर फिरायची बंद झाली. जिथे ती पूर्वी आत घुसायची, तिथे आता लांबूनच चेंडू टाकू लागली. लोकांना वाटलं, नवीन तंत्र शिकली. टाळ्या पडायच्या. खरात सर माझ्या टेबलाशी येऊन उभे राहिले.

"मॅडम, ही डावीकडं फिरंना झालीय."

"ताप येऊन गेलाय. अशक्तपणा असेल."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "बरं. मला काही सांगू नका, म्हणजे मला काही माहीत नाही." आणि ते शिट्टी वाजवत निघून गेले. ते काय म्हणाले ते मला कळलं होतं, आणि मला काय कळलं ते त्यांनाही.

तिचा सगळ्यात चांगला सामना त्याच महिन्यात झाला. आंतरविभागीय स्पर्धा होती आणि समोर पुण्याचा संघ होता. बूट चांगले, बाटल्या सारख्या, सगळ्याजणी इंग्रजीत एकमेकींना हाका मारणाऱ्या. आमच्या मुली दबल्या होत्या. सारिकानं त्यांच्या पहिल्या चार चढाया एकटीनं परतवल्या. मग एका कोपऱ्यात उभी राहून ती चेंडू टाकू लागली. टाकायची आणि न बघताच मागे वळायची, उजव्या बाजूनं, नेहमी उजव्या बाजूनं. आमचे अर्ध्याहून जास्त गुण तिचे होते. आम्ही तीन गुणांनी हरलो, पण निवड समितीनं विद्यापीठाच्या शिबिरासाठी निवडलेल्या अठराजणींत तिचं नाव वर होतं. परतीच्या गाडीत ती माझ्या शेजारी बसली होती. पाय समोरच्या सीटखाली लांब केला होता. ती म्हणाली, "मॅडम, पाय टिकला बगा." मी तिला माझ्या डब्यातली चिवड्याची पुडी दिली.

शिबिराच्या फॉर्ममध्ये एक रकाना होता: गेल्या सहा महिन्यांतली दुखापत. भाऊसाहेबांनी रजिस्टर बघून टाइप केलं, 'नाही'. खाली सारिकाची सही, त्याखाली माझी.

शिबिर पुण्यात होतं, तीन आठवड्यांचं. दोन वेळा सराव. दुसऱ्या आठवड्यात एका सकाळी मला ऑफिसातून निरोप आला, शिबिरातून फोन आहे. मोबाइल मी तासाच्या वेळी बंद ठेवायची, म्हणून त्यांनी ऑफिसात लावला होता. शिबिराच्या कोच एक बाई होत्या. स्पष्ट बोलणाऱ्या.

"मॅडम, तुमची सारिका पाय जरा जपून टाकतेय. विचारलं तर काही नाही म्हणते. जुनं काही आहे का? असेल तर आत्ता सांगा. मी तिचं पळणं बंद करीन. बाराजणींत तिला ठेवणारच आहे, तिच्यासारखा हात माझ्याकडे दुसरा नाही. बाकावर बसवीन, लागेल तेवढंच खेळवीन. पण मला खरं कळायला हवं."

फोन भाऊसाहेबांच्या टेबलावर होता. ते समोर बसून सुपारी कातरत होते. आता त्यांचा अडकित्ता थांबला होता.

मी म्हटलं, "सप्टेंबरमध्ये ताप आला होता. दुसरं काही नाही."

"नक्की?"

"रजिस्टरला तसंच आहे."

मुलांनो, एवढंच माझं वाक्य. मी खोटं बोलले असं मला तेव्हा वाटलंसुद्धा नाही, कारण कागदावर तसंच होतं. तासाला उशीर होत होता. वर्गाकडे जाताना जिन्यात मनात आलं, संध्याकाळी घरून आपल्या मोबाइलवरून त्यांना फोन करावा आणि सांगून टाकावं. भाऊसाहेबांनी अडवलं नसतं, कुणीच अडवलं नसतं. तास घेतला. पुढचाही घेतला. संध्याकाळपर्यंत मी स्वतःला पटवलं, की लिहिलेलं एक आणि बोललेलं दुसरं झालं तर गोंधळ होईल. मुलीवरच शंका घेतील. नीटनेटक्या माणसाचं हे असं असतं. चूक झाली तरी ती सगळीकडे सारखी असावी, असं त्याला वाटतं.

पाच दिवसांनी सकाळच्या सरावात तिला आत घुसून डावीकडे वळायला सांगितलं. कोच बाईंना शंका उरली नव्हती, मीच ती घालवली होती. सारिका वळली आणि खाली पडली ती उठलीच नाही. या वेळी आवाज आला की नाही, मला माहीत नाही. मी तिथे नव्हते.

पुण्याच्या दवाखान्यात मी, आबा आणि आई पोचलो तेव्हा तिचे सगळे फोटो काढून झाले होते. डॉक्टर तरुण होते. त्यांनी आम्हाला पडद्यावर दाखवलं.

"इथे दोन दुखापती आहेत. गुडघ्यातली ही गादी आत्ता फाटली. पण हा लिगामेंट, हाडं बांधून ठेवणारी दोरी, आधीच तुटलेला आहे, दोन-तीन महिने झाले असतील. त्यावर ही खेळत होती? त्या वेळी आणलं असतं तर गोष्ट वेगळी होती. कुणालाच कळलं नाही?"

आबांना खरंच काही माहीत नव्हतं. त्यांना घरी सांगितलं होतं, पाय मुरगळला. ते आईकडे बघू लागले. आई माझ्याकडे बघत होती. आणि सारिका छताकडे.

"न्हाय," ती म्हणाली. "कुनालाच न्हाय."

ऑपरेशन झालं. गुडघा पुरता वाकायचा राहिला तो राहिलाच. विद्यापीठाचा संघ स्पर्धेला गेला, तिच्या जागी दुसरी कुणी गेली. बघायला येणारे आले नाहीत. 'पुढच्या वर्षी बघू' असा निरोप आला. ज्यांच्यापासून लपवायचं होतं, त्यांना शेवटी सगळंच कळलं. तिनं बी.ए. पूर्ण केलं, माझ्या पेपरात तिला बरे मार्क होते. पोलीस भरतीचा फॉर्म तिनं आणला होता, असं तिच्या मैत्रिणीनं मला सांगितलं. भरला नाही. दोन वर्षांनी इंदापूर तालुक्यातच तिचं लग्न झालं. मला पत्रिका आली होती. मी गेले, आहेर दिला, जेवले आणि परत आले. तिच्याशी बोलायला एकांत मिळाला नाही. मिळू नये असंच मी बसले होते.

त्यानंतरही मी आठ वर्षं मॅनेजर होते. चांगले संघ झाले, एक मुलगी विद्यापीठाकडून खेळलीसुद्धा. रजिस्टर मी चालूच ठेवलं. 'कारण' लिहिताना हात अडखळायचा, बाकी काही नाही.

या वर्षी फेब्रुवारीत मी सारिकाला भेटायला गेले. मला वाटलं, माझं वय झालं आहे, तिला ही फोनची गोष्ट माहीत असली पाहिजे. तिच्या सासरी भाजीच्या रोपांची नर्सरी आहे. हिरव्या जाळीखाली ट्रेमध्ये टोमॅटोची, मिरचीची रोपं. सारिकाला उकिडवं बसता येत नाही, म्हणून ती एका उपड्या क्रेटवर बसून काम करत होती. डावा पाय सरळ पुढे. मला बघून ती हात टेकून उठली.

"मॅडम! आन् फोन न करता?"

तिनं चहा मागवला. नवरा येऊन नमस्कार करून गेला, चांगला वाटला. सासूबाईंनी विचारलं, "ह्याच का तुज्या बास्केटबालच्या बाई?" मग त्या गेल्या आणि मी सगळं सांगितलं. रजिस्टर तिला माहीत होतं, फॉर्म माहीत होता. फोन माहीत नव्हता.

ती रोपांकडे बघत ऐकत होती. झाल्यावर म्हणाली, "त्या कोच बाई म्हनल्या, बारात ठेवते?"

"हो."

"पायाचं सांगितलं असतं तरी?"

"सांगितलं असतं तर बाकावर बसवणार होत्या."

"सर्टिफिकेट मिळालं असतं?"

"मिळालं असतं."

जाळीवर पाणी मारण्याचा पंप चालू होता, तो कुणीतरी बंद केला.

"मॅडम," ती म्हणाली, "तुमी हे मला सांगायला नको होतं. एवढी वर्षं मी म्हनायची, पाय गेला म्हून गेलं. पायाला काय बोलायचं? आता मला रोज वाटंल, एका फोननं गेलं. तुमाला हलकं वाटलं असंल. मला आता हे घेऊन बसावं लागंल."

मी माफी मागायला तोंड उघडलं. तिनं हात वर केला. तिचा हात अजून लांब आहे, बोटं अजून तशीच.

"ऱ्हाऊ द्या. पर एक करा. आईला ह्यातलं काय कळू देऊ नका. तिला अजून वाटतं, आपण लेकीचं भलं करायला गेलो, आन् नशिबानं नडलं. तिचं तेवढं ऱ्हाऊ द्या."

तिनं मला स्टँडपर्यंत सोडायला नवऱ्याला सांगितलं. ती स्वतः परत क्रेटवर बसली आणि ट्रेमधलं एकेक रोप बोटानं चाचपू लागली.

गेल्या आठवड्यात मी बारामतीच्या बाजारात भाजी घेत होते. मागून कुणीतरी माझा हात धरला. सारिकाची आई. खूप वाकली आहे, पण ओळखलं तिनंच मला आधी. तब्येतीची विचारपूस झाली, आबांचं झालं, तुमचंही झालं. मग तिनं आवाज खाली आणला, भोवती एकदा पाहिलं आणि म्हणाली, "बाई, सारकीच्या वक्ताला तुमी लई सांभाळून घेतलंत. कागुद केला न्हाय. दुसरी बाई असती तर केला असता. तुमचं उपकार फिटायचं न्हाईत."

तिचा हात माझ्या हातात होता. मी म्हटलं, "असू दे हो. एवढं काय केलं मी."